न्हाणीघरापुरते मालक

घराच्या कर्जाचा हप्ता कमी करून घ्यायला कंपाउंडर बँकेत आला होता. अर्ज भरलेला, सही तेवढी राहिलेली. बाकावर शेजारी बसलेलं जोडपंही त्याच कामाला आलेलं निघालं.

"अगं, कर ना सही. हप्ता चांगला उतरतोय."

"आणि वर्षं?"

"दहा वाढतात. वर्षं काय, तशीही जातातच."

"अहो, पाच वर्षं भरतोय. मूळ रकमेतले किती फिटले?"

"सुरुवातीला बरंचसं व्याजातच जातं म्हणे."

"किती फिटले ते सांगा."

"न्हाणीघराएवढे."

"अख्खं?"

"नळ धरून."

"आणि मी खिळा ठोकला तर 'माझी भिंत, माझी भिंत' म्हणून केवढे ओरडलात!"

"बरं, बँकेची भिंत."

"मग सासूबाई झोपतात ती खोली?"

"बँकेचीच."

"म्हणजे घोरण्याची तक्रार इथेच करायची तर!"

"हळू बोल गं!"

"दहा वर्षं वाढवली तर व्याजासकट दोन घरांचे पैसे भरू. दुसरं घर कुठंय?"

"मग करायचं काय म्हणतेस?"

"माझे शिवणाचे साठलेत, ते मुदलात भरा."

"ते तुझ्या बांगड्यांचे ना?"

"बांगड्या घालून मिरवू कुठे, न्हाणीघरात? उठा, स्वयंपाकघर सोडवून आणू."

दोघं उठून पैसे भरायच्या खिडकीकडे गेली. तेवढ्यात कंपाउंडरचा नंबर पुकारला.

"हप्ता कमी करायचाय ना? करा सही."

कंपाउंडरने पेनाला टोपण लावलं.

"साहेब, आधी एक सांगा. आमचं न्हाणीघर तरी झालंय का?"