रागू गॅसवर आणि आम्ही पॉम्पेईत

...नाही हो, तीनशे पावलं! माझ्या दारापासून पॉम्पेईच्या त्या फाटकापर्यंत मोजून तीनशे पावलं, आणि मला आत शिरायला सव्वा तास लागला! आणि बाहेर पडायला... ते सांगतोच पुढे, आधी मला एक सांगा, शेजाऱ्याकडे कुणी रांग लावून जातं का? शेजारीच ना ते? दोन हजार वर्षांपूर्वी मेले म्हणून काय झालं, भिंतीला भिंत लागून राहतो आम्ही! सहासष्ट वर्षांचा झालो मी, तिसरीत असताना एकदा शाळेनं आत नेलं होतं, तिथे मला उलटी झाली, त्यानंतर मी काही गेलो नाही आणि त्यांनीही कधी बोलावलं नाही. चाललं होतं छान!

मग आता गेलो कशाला? व्याह्यांमुळे! आमची इम्मा नोकरीला म्हणून उत्तरेत गेली, बेर्गामोला, आणि तिथलाच मुलगा पसंत करून बसली. मुलगा चांगला आहे हो, उंच आहे, आईवडिलांना धरून आहे, फक्त जेवताना घड्याळ बघतो. तर त्याचे आईवडील पहिल्यांदाच आमच्याकडे येणार, एत्सिओ आणि ओर्नेल्ला, आणि आदल्या दिवशी इम्माचा फोन... "बाबा, त्याच्या आईच्या मनात अजून किंतु आहे. तिला वाटतं आपल्याकडे सगळा आरडाओरडा आणि गोंधळ. एक जेवण नीट होऊ द्या, बाबा. फक्त एक जेवण. बाकीचं मी बघते." आता एकुलती एक मुलगी असं म्हणाली की बापाला ऐकावंच लागतं.

जेवणाची काळजीच नव्हती! रविवार होता, आणि रविवारी आमच्या घरात रागू, म्हणजे मंद आचेवर आटवलेला मांस-टोमॅटोचा रस्सा. माझी बायको नुन्झिया पहाटे पाचला उठते, माझ्या आईची मातीची हंडी काढते, कांदा, मांसाचे हे एवढाले तुकडे, वर टोमॅटो, आणि मग ज्योत अगदी मुंगीएवढी. आठ तास! उकळायचं नाही हं, नुसतं पुटपुटायचं, एक बुडबुडा आला... थांबला... विचार केला... मग दुसरा. आणि दर पाव तासानं लाकडी चमचा तळापर्यंत फिरवायचा, नाहीतर लागलाच म्हणून समजा. माझी आई म्हणायची, "पेटवलेला रागू विझवायचा नाही, मग दारात पोलीस येवोत नाहीतर पोप." विझवलेला रागू म्हणजे अर्ध्यात सोडलेलं लग्न!

तर दीडला जेवायचं ठरलं. आणि सकाळी साडेआठला व्याही दारात! डोक्यावर टोपी, पायात डोंगर चढायचे बूट, हातात छापील वेळापत्रक. एत्सिओ म्हणजे निवृत्त इंजिनियर, चाळीस वर्षं लिफ्ट तपासल्या त्यांनी, त्यामुळे घरात आल्या आल्या आधी आमचा कठडा हलवून बघितला, मग खिडकीची कडी, मग दिव्याचं बटण. म्हणाले, "साडेनऊ ते अकरा, पॉम्पेई, गाइडसह. चौघांचं बुकिंग केलंय. तुम्ही इतक्या जवळ राहून बघितलं नाहीत म्हणे? कमाल आहे!" आता ह्यांना काय सांगणार, की लिफ्टवाल्यानं आयुष्यात बघाव्यात तेवढ्या लिफ्टा बघितल्या, पण आम्ही काय दगडांचे व्यापारी आहोत?

नुन्झिया हंडी सोडून जाणार कशी? पण नाही म्हटलं तर विहीणबाईंना वाटायचं ह्यांना आमच्याबरोबर यायचंच नाही. तिनं माझ्याकडे बघितलं, ओठ आवळले, आणि पाहुण्यांसमोर अगदी शुद्ध भाषेत, म्हणजे बातम्या देणाऱ्या बाईसारखी... "अनिएल्लो, तेवढा गॅस बंद करशील का? प्लीज."

प्लीज! अडतीस वर्षांच्या संसारात पहिल्यांदा! घरी आम्ही आमच्या बोलीत बोलतो, त्यात प्लीजला शब्दच नाही. मी म्हटलं, बाई खरंच काळजीत आहे. गेलो स्वयंपाकघरात. हात बटणावर ठेवला... आणि आई आठवली. नाही झालं हो माझ्याच्यानं! दीड तासाचा तर प्रश्न, म्हटलं, ज्योत अजून बारीक करू, चमचा एकदा जोरात फिरवू, मधेच निसटून एक चक्कर मारू, तीनशे पावलं तर आहेत! बाहेर आलो आणि म्हटलं, "केला बंद." सरळ चेहऱ्यानं! जिना उतरलो, तेवढ्यात एत्सिओ, "अरेच्चा, टोपी राहिली," म्हणून वर गेले, आम्ही खाली थांबलो, ते टोपी घालून आले, दार ओढून घेतलं, आणि निघालो.

आणि तुम्हाला सांगतो, फाटकाशी काय ती गर्दी! महिन्याचा पहिला रविवार, म्हणजे प्रवेश फुकट, त्यात बंदरात एकाच वेळी तीन जहाजं लागलेली, जगात जेवढे पाय होते तेवढे सगळे आमच्या गल्लीत! आमची गाइड लोरेदाना, हातात काठी, काठीच्या टोकाला प्लॅस्टिकचं लिंबू. "मंडळी, लिंबावर लक्ष ठेवा! लिंबू सुटलं की तुम्ही सुटलात!" मग प्रत्येकाच्या कानात एक यंत्र अडकवलं, आणि त्या बदल्यात माझं ओळखपत्र ठेवून घेतलं! माझ्या गावात! माझं ओळखपत्र! ज्या जागी तिचं टेबल होतं तिथे मी लहानपणी फुटबॉलचा गोल राखायचो!

आत शिरलो तेव्हा पावणेअकरा झालेले. दीड तास चमचा फिरलेला नाही... बुडबुडा, थांबला, विचार केला... मी आपला घड्याळ बघतोय. लोरेदाना म्हणते, "हे बघा, रथाच्या चाकांच्या खुणा!" सगळे वाकले. पुढचे जपानी वाकले, मागचे जर्मन आमच्यावर वाकले, मी घड्याळावर वाकलो. "हे बघा, रस्ता ओलांडायचे दगड!" पन्नास माणसं एका दगडावर फोटो काढायला उभी! "हा खाणावळीचा ओटा बघा, ह्या खड्ड्यांत गरम पदार्थ ठेवायचे. शहरातले लोक बाहेरच खायचे, घरी स्वयंपाकाची दगदग नको म्हणून." मी म्हटलं, सुखी होते बिचारे! मोठ्यानं म्हटलं बहुतेक, कारण नुन्झियानं कोपर मारलं.

मग एका बोळात तर मुंगी शिरायला जागा नाही. ओर्नेल्लाबाई मला विचारतात, "एवढी रांग कसली हो? देऊळ आहे का?" आता होणाऱ्या विहीणबाईंना मी कसं सांगू की इथे बायका पैसे घेऊन... म्हटलं, "हो, एका प्रकारचं." त्या म्हणाल्या, "मग दर्शन घेऊयाच," आणि लागल्या रांगेत! पस्तीस मिनिटं! तिथे माझा रागू तळाला धरतोय आणि इथे आम्ही चौघं व्याही-विहिणी हातात हात घालून तिथल्या भिंतीवरची चित्रं बघायला उभे! बाहेर आल्यावर ओर्नेल्लाबाईंनी टोपी डोळ्यांवर ओढून घेतली. मी मनात म्हटलं, इम्मा, पोरी, झालं तुझं लग्न.

सव्वाबारा! अकराला संपणार होतं ना हे? लोरेदानाला विचारलं, तर म्हणते, "गर्दी आहे हो. आता फक्त बेकरी, दोन घरं, स्नानगृह आणि रंगमंच." फक्त! आणि माझं घर तिथून दिसत होतं हो, पडक्या भिंतीच्या वर, चौथा मजला, हिरवी गच्ची, नुन्झियाची दोरीवरची पांढरी चादर! मी धूर शोधत होतो. तीनशे पावलं! हाक मारली असती तर रागूला ऐकू गेली असती!

आणि मग ती बेकरी. दगडाची जाती, आणि मागे भट्टी, आपल्या कोपऱ्यावरच्या पिझ्झावाल्याच्या भट्टीसारखीच, तीच कमान, तेच तोंड. लोरेदानानं आवाज खाली आणला. "ज्वालामुखी फुटला त्या दिवशी भट्टी पेटलेली होती. पाव आत होते. माणसं जीव घेऊन पळाली. कुणी भट्टी बंद केली नाही. खोदकामात पाव जसेच्या तसे मिळाले, एक्क्याऐंशी... कोळसा झालेले."

कोळसा! वर बघितलं तर तो डोंगर, आमचा, त्याचं नाव आम्ही घेत नाही, मुकाट बसलेला. मी दृष्ट लागू नये म्हणून खिशात ठेवलेलं लाल शिंग घट्ट धरलं. आणि नुन्झिया त्या भट्टीकडे बघते, मग माझ्याकडे बघते, आणि हसते! गोड! मला तर रडूच आलं. म्हटलं, बघा, बिचारीचा किती विश्वास आहे माझ्यावर!

मी लोरेदानाला म्हटलं, "बाई, पोटात कळ आलीये." तर म्हणते, "दोन हजार वर्षांपूर्वीचा संडास बघायचाय की चालू असलेला?" मी पळालो. पण पळणार कुठे? समोरून लोंढा येतोय, उलट जाता येत नाही, एक कोरियन मंडळ मला उचलूनच घेऊन गेलं, त्यांच्या तीन फोटोंत मी आहे, मधोमध, किंचाळताना. आणि कानात यंत्र तसंच! लोरेदाना बोलतेच आहे... "चुलीवर जेवण शिजत होतं... कुणाला कल्पनाच नव्हती..." अहो, मला होती ना! "हळूहळू धूर घरात भरला..." बाई, गप्प बस ना! रखवालदार म्हणाला, "आजोबा, इकडून बाहेर जाता येत नाही, पलीकडचं फाटक." मी म्हटलं, "अरे, ते बघ माझं घर! ती बघ माझ्या बायकोची चादर!" तो म्हणाला, "छान आहे. पलीकडचं फाटक." तीनशे पावलांच्या घराला अर्ध्या गावाचा वळसा! ह्या वयात! ह्या गुडघ्यांनी!

धापा टाकत जिन्यात पोचतो तर समोर कोण? हे तिघं! दौरा पुरा करून, आपापली ओळखपत्रं घेऊन, दौऱ्यातल्यांना सोडतात त्या जवळच्या फाटकानं, सावकाश गप्पा मारत आलेले! नुन्झिया म्हणाली, "काय रे, बरं वाटतंय का?" मी दार उघडलं, नाक पुढे केलं... वास नाही. धूर नाही. काही नाही! स्वयंपाकघरात धावलो. गॅस बंद. हंडीला हात लावला, गार! झाकण काढलं, वर तुपासारखा तवंग गोठलेला.

मागून एत्सिओ, अगदी कानाशी, प्रेमानं हो... "मी बंद केला. टोपी घ्यायला आलो तेव्हा. तुमच्याकडून चुकून राहिला होता. काळजी करू नका, नुन्झियाबाईंना सांगणार नाही." आणि माझा खांदा थोपटला!

तेवढ्यात नुन्झिया आत आली. हंडीत बघितलं. माझ्याकडे बघितलं. आणि आमच्या बोलीत, तिसऱ्या गल्लीपर्यंत ऐकू जाईल अशी... "खरंच बंद केलास? अरे गाढवा, खरंच बंद केलास?"

"तूच म्हणालीस ना..."

"प्लीज म्हणाले होते ना मी? शुद्ध भाषेत म्हणाले होते ना? शुद्ध भाषेत बोललेलं आपल्या घरात कधी खरं असतं का रे? तो लिफ्टवाला गॅसकडे बघत होता म्हणून म्हणाले! अडतीस वर्षं झाली, तुला एवढंही कळू नये? त्या भट्टीपाशी तुझ्याकडे बघून हसले, मला वाटलं हा हुशार आहे, ह्यानं चालूच ठेवला असणार!"

आता खरं सांगू? म्हणू, "बाई, मी नाही, ह्या तुझ्या व्याह्यानं"? तिनं चमचा घेऊन एत्सिओला पार बेर्गामोपर्यंत पळवला असता, आणि इम्माचं लग्न तिथेच मोडलं असतं. फक्त एक जेवण, बाबा. मी मान खाली घातली. म्हटलं, "चुकलं. मीच बंद केला." आणि एत्सिओ दारात उभे, एक अक्षर कळत नाही त्यांना, मला विचारतात, "काय म्हणतायत?" म्हटलं, "आपल्या सुरक्षिततेचं कौतुक चाललंय."

गॅस पुन्हा पेटवला. चार वाजता जेवलो. बाराच्या ठोक्याला जेवणाऱ्या ओर्नेल्लाबाई, भुकेनं कासावीस, तीन ताटं जेवल्या हो, शेवटी पावानं हंडी पुसली! तिथूनच इम्माला फोन लावला, डोळ्यांत पाणी... "पोरी, तुझी आई ओरडते, पण काय हात आहे तिचा! आम्हाला पसंत आहे सगळं." आणि एत्सिओ माझ्याकडे बघून म्हणतात, "मधे थोडा गार होऊ दिला की मुरतो बहुतेक." मी ग्लास तोंडाला लावला, म्हणजे तोंड गुंतून राहिलं.

त्याला आता चार महिने झाले. नुन्झिया अजून दर रविवारी पाहुण्यांना सांगते, "हाच तो, रागू विझवणारा." गल्लीत नाव पडलंय माझं. ओळखपत्र अजून पॉम्पेईतच आहे, तीनशे पावलांवर, पण पुन्हा ती रांग कोण लावणार? आणि गंमत बघा, त्या पाववाल्यानं भट्टी बंद केली नाही, तर अख्खं जग त्याला बघायला येतं. मीसुद्धा बंद केला नव्हता हो... पण हे तुम्हाला म्हणून सांगितलं, बाहेर बोलू नका, लग्न व्हायचंय अजून!