पाठ लागू नये म्हणून

मी रामटेककडचा, हिंगण्याच्या कंपनीत फिटर आहो, नंदनवन वस्तीत राहतो. जवानीत आखाड्यात होतो अन् आमच्या वस्तादानं एकच गोष्ट हाडात भरवली, का पाठ मातीले लागू द्यायची नाही, पाठ लागली का चीत, खेळ खतम. पालथं पडून राहा, तोंडात माती जाऊ दे, पण पाठ नाही. तीस वर्षं झाली, डोक्यात तेच.

तर मायी पोरगी प्रणाली, ती हे जिउजित्सू, बाहेरदेशातली कुस्ती, शिकून राहिली. पहिल्यांदा पाह्यलं तं मले किळसच आली बाप्पा. पोरगी मुद्दाम पाठीवर पडलेली, वरच्या पोरीले पायाच्या कैचीत धरून. म्हन्लं हे काय लोळणं लावलं वं. ती म्हने बाबा, इथं खालचा हारत नसते, कैचीत धरलं का डाव मायाच हातात. पालथं झालं तं मेलो, तो पाठीवर चढून गळा आवळते. मग त्याच्या अंगावर थाप मारायची, म्हंजे हार मानली, तो सोडते. मी म्हन्लं आपल्या घरात कोनी थाप मारत नाही. असा मी शहाणा.

राज्याच्या संघाची निवड होती, शेवटची लढत. प्रणाली खाली, वरच्या पोरीचा हात दोन्ही पायांत आवळलेला, कोपर सरळ होऊन राहिलं होतं, अजून दोन सेकंद अन् त्या पोरीनंच थाप मारली असती. मले फक्त तिची पाठ दिसली. मी उठलो अन् बोंबललो, पालथी हो वं, पालथी हो. काहून बोंबललो, काय सांगू तुम्हाले. एवढ्या गोंगाटात पोरीनं बापाचा आवाज ओळखला अन् झाली पालथी. त्या पोरीनं हात सोडवला, पाठीवर चढली, गळ्यात हात घातला. प्रणालीनं थाप माराले हात उचलला, मायाकडे पाह्यलं, अन् हात खाली ठेवला. डोळे फिरले तिचे. पंचानं ओढून सोडवली. गालावरून लाळ वाहून राहिली होती. शुद्धीवर आल्यावर पहिलं काय बोलली, तं बाबा, मी थाप नाही मारली ना.

आता हे सांगतानाही मले मायाच तोंडाची घाण वाटते. संघात ती दुसरी पोरगी गेली. पोरीनं हार मानली नाही म्हणून मोहल्ल्यातले म्हनतात बाप असावा तं असा. थू.

आता लढतीले तिची आई जाते. तिले त्यातलं काही समजत नाही, डोळे मिटून बसते, तोंडातून शब्द काढत नाही. पोरगी जिंकून राहिली. जिंको. मी घरीच बसतो.