इथला मारत नाही

पडद्याशेजारी उभं राहून मूकपटाची गोष्ट बोलून सांगणारा निवेदक किसाबुरो ओसाकातल्या आपल्या थिएटरबाहेर नूडल्स खात उभा होता. मागे तिकिटाच्या रांगेत दोघी बोलत होत्या.

"सासूबाई, कालच पाहिलात की हा सिनेमा."

"काल पलीकडच्या थिएटरात पाहिला. तिथल्या निवेदकाचा मुडदा बसो, त्यानं सामुराईला मारून टाकलं."

"पण शेवटी तो पडतोच ना पडद्यावर?"

"पडतो गं. पण तो मेला, हे निवेदकच सांगतो. इथला मारत नाही म्हणे."

"आणि मारलं तर?"

"तर उद्या तिसरं थिएटर. चल, रांग हलली."

किसाबुरो प्रत्येक खेळात सामुराईला मारत आला होता. लोक ढसाढसा रडायचे.

आजही सामुराई कोसळला. किसाबुरोनं प्रेक्षकांकडे पाहिलं.

"दमलाय बिचारा," तो म्हणाला. "निजू द्या त्याला."

अंधारातून आवाज आला, "बघ सूनबाई, मी काय म्हणत होते?"