भिंतीकडे तोंड करून

या हो, या, पायरीवर कशाला उभे राहता, जयरामबाब — आत या, बसा — नाही, फोन नाही बिघडलेला, कोणी सांगितलं तुम्हाला फोन बिघडला म्हणून? एक्स्चेंजमधल्या त्या पोरीला मी दोनदा सांगितलं, तक्रार खांबाची आहे, खांबाची. तो बघा, जनेलातून दिसतो — फणसाच्या बाजूला, आमच्या अंगणात रोवलाय तुम्ही लोकांनी. तो काढा. का म्हणजे? फांदी घासते तारेवर. वारा सुटला की करकर करते, झोप लागत नाही माणसाला. फांदी तोडायची? वा! आमच्या सासऱ्यांनी लावलेला फणस तो, कापा फणस, साखळीच्या बाजारापर्यंत गरे जातात त्याचे — तो आम्ही तोडायचा आणि तुमचा खांब तेवढा ठेवायचा? आमची तार नव्हे हो, आमची रस्त्यावरून येते. ही दुसरी. आमच्या डोक्यावरून पलीकडे जाते ती. योगेशच्या घरी — तो नाही का, सुर्ल्याला ज्याचे ट्रक चालतात मातीचे, खाणीवर — त्याच्या घरी. त्याच्या बायकोकडे. अश्विनीकडे. मला काय तिचं! मला तिच्याशी काही देणंघेणं नाही. मी खांबाबद्दल बोलतेय.

चहा ठेवते. उंडे पाव आहेत सकाळचे, जरा कडक झालेत, चहात बुडवले की लागतात बरे.

तुम्हाला आठवत असेल ना, कारापुरात ह्या वाड्यावरचा पहिला फोन आमचा. तुम्हीच आला होता लावायला. ह्यांना काजूच्या धंद्यासाठी लागायचा, किती वर्षं खेटे घातले ह्यांनी त्यासाठी. हे कव्हर मी विणलंय, क्रोशाचं — दिसतंय का झालर? तर सांगायचं काय, रविवारी दुपारी जेवणं झाली, पुरुषमाणसं आडवी झाली की आमच्या बायका यायच्या इथं. रुक्मिणी, कमलाक्षी मास्तरीण, मी — आणि आमचा एक खेळ होता. कोणाला सांगू नका. कोणालाही फोन लावायचा, ओळख द्यायची नाही, आणि बाकीच्यांनी एक शब्द ठरवलेला असायचा — तो शब्द पलीकडच्या माणसाच्या तोंडून वदवून घ्यायचा. आपण उच्चारायचा नाही, त्याला वदवायचं! हसलात की हरलात. कमलाक्षीला एकदा ‘बेडूक’ दिला होता, तिनं शिंप्याला लावला आणि विहिरीत रात्रभर कोण ओरडतं, कोण ओरडतं करत त्याच्याकडून काढून घेतला — तो बिचारा ब्लाऊजची मापं विचारतोय! मला? मला नाही जमायचं. खरं सांगते, माझ्याकडे कोणी बघत असलं की मला हसू आवरत नाही. मग ह्या मला भिंतीकडे तोंड करून उभी करायच्या, ह्या इथं, कॅलेंडरखाली. तसं थोडंफार जमायचं. पण घर माझं, फोन माझा, चहा माझा, नियम माझे — आणि एक नियम फार कडक होता हं: आपल्यातल्या कोणाच्या घरी फोन लावायचा नाही. परक्याची मस्करी करायची. आपल्या माणसाची नाही.

आणि ते भाषेचं भांडण पेटलं होतं ना, तेव्हाचं सांगते — कमलाक्षीचा नवरा मराठीच्या मोर्च्यात, रुक्मिणीचा भाऊ कोंकणीच्या, दोघे बाजारात समोरासमोर आले तर थुंकून बाजूला व्हायचे, आणि त्या दोघी इथं माझ्या एका बाकावर मांडीला मांडी लावून! एवढ्या सगळ्यात फुटलो नाही आम्ही. गोवा राज्य झालं, पेढे वाटले, सगळं झालं. आणि फोडलं कोणी? सावंतवाडीकडच्या एका पोरीनं. काल लग्न होऊन आलेली!

मीच आणली हो तिला. नवी सून, एकटी असते, नवरा ट्रकांच्या मागे, सासू देवळात — म्हटलं ये गो रविवारी. पहिल्या दिवशी बसली कोपऱ्यात, वयनी वयनी करत. मी म्हटलं, घे, तूही कर एक. आम्ही मुद्दाम कठीण दिला — ‘हत्ती’. आणि ह्या बयेनं फोन उचलला, साखळीच्या पदेराला, त्या पाववाल्याला लावला, आणि एकदम म्हाताऱ्याचा आवाज! खोकला, दम लागलेला, सगळं. म्हणते, आमच्या जनावराला रोज टोपलीभर उंडे लागतात, देशील काय? दारातून आत जात नाही रे, पाणी नाकानं पितं, बसलं की उठत नाही. आणि तो पदेर ओरडला, ‘हत्ती पोसलास की किदें रे बाबा?’ — अहो, रुक्मिणी जमिनीवर लोळली. कमलाक्षीचा चष्मा पडला. मीही हसले. सगळ्यांत मोठ्यानं मीच हसले, नाहीतर म्हणतील हिला बघवत नाही. आणि त्या दिवसापासून सगळं तेच — अश्विनी, तू कर. अश्विनी, अजून एक. चहा कोण करतं, लाडू कोण वळतं, कोणाला पडलंय? दाराबाहेरूनच विचारायच्या, ‘अश्विनी इली?’ माझ्या दारात उभ्या राहून!

पोटात दुखायचं माझ्या. हो, जळत होते, लपवू कशाला — तुम्ही काय, खांबाचे माणूस.

मग तिच्याकडे फोन आला. आम्हाला वर्षानुवर्षं खेटे, आणि तिला? लग्नाचा हार सुकला नाही तोवर. आणि लाल रंगाचा! आमचा काळा, तिचा लाल. तुम्हीच लावलात ना? लावणारच, तुमचा काय दोष. पुढचा रविवार तिच्याकडे ठरला. मला कोणी विचारलं नाही हो, ठरला. गेले. लाडूचा डबा घेऊन गेले. तर रुक्मिणी रिसीव्हर कानाला लावते आणि म्हणते, ‘काय गो स्वच्छ आवाज! सुमंगलाच्या फोनात सदा कोणीतरी पोहे भाजत असतं.’ हसल्या सगळ्या. मग माझी पाळी आली. उभी केली मला भिंतीकडे तोंड करून, सवयीनं. पण तिच्या भिंतीवर आरसा होता, जयरामबाब. मी आरशात बघितलं — तर माझ्याकडे कोणी बघतच नव्हतं. सगळ्या तिच्याकडे बघत होत्या. माझं कधी आटपतं आणि तिचं कधी सुरू होतं, अशा. मी फोन ठेवला. डोकं दुखतंय म्हटलं आणि उठले. माझ्या मागून कोणी आलं नाही.

ती आली. दुसऱ्या दिवशी, घावणे घेऊन. हाका मारल्या — वयनी, ओ वयनी. मला ताप होता. नाही, ताप नव्हता. मी जनेलाच्या पडद्यामागे उभी होते. तिनं पायरीवर ताट ठेवलं, झाकलं, थोडा वेळ बसली तिथं, तुम्ही उभे होता ना, तिथंच — आणि गेली. कावळ्यांनी खाल्ले घावणे.

साखर कमी झाली का? घाला अजून.

मग एकदा देवळात तिची सासू भेटली, शेवंतीबाई. मी काही लावालावी करणारी बाई नव्हे, अख्खा वाडा सांगेल. मी एवढंच म्हटलं — सून हुशार हो तुमची, केवढ्या पुरुषमाणसांशी फोनवर बोलते, तेही आवाज बदलून, आम्हाला नाही बाई जमत. कौतुकच केलं. खोटं बोलले का? पदेर पुरुष नाही? शिंपी पुरुष नाही? ती म्हणाली, ‘असां?’ आणि गेली प्रदक्षिणा घालायला. विषय संपला. त्यानंतर काय झालं मला ठाऊक नाही. रविवारी माझ्याकडे कोणी येत नाही, तिच्याकडेच जमत असणार सगळ्या, मला काय — मी आपली झोपते. म्हणजे पडते. ही तार बघत पडते. तारेवर पाखरू बसलं तरी वाटतं, आत्ता आतून त्यांचं हसणं चाललं असेल.

आणि ह्या गेल्या रविवारी माझा फोन वाजला.

उचलला तर म्हातारा. खोकला. दम लागलेला. मी पहिल्या शब्दाला ओळखलं. माझ्यावर! माझ्यावर खेळत होत्या, जयरामबाब! नियम माझा — आपल्यातल्याला लावायचा नाही — म्हणजे आता मी आपल्यातली नव्हे, मी पदेर, मी शिंपी. मागून त्यांचं हसणं ऐकलं मी, खसखस, खसखस, स्पष्ट. ठेवून द्यायचा होता फोन. पण नाही ठेवला. म्हटलं बघूया, कोणता शब्द हवाय तुम्हाला, मी देतच नाही! तो म्हातारा म्हणतो, बाय, मी वाट चुकलोय. मी म्हटलं, रस्त्यावर विचार. म्हणतो, मागे एकदा तुमच्या दारात बसून गेलो, दार बंद होतं. मी म्हटलं, असेल. म्हणतो, पुन्हा आलो तर काय म्हणाल? मी म्हटलं, ह्यांचं काजूचं दुकान समोर आहे, काय हवं ते तिथं माग. मग म्हणतो, तुमच्यात पाहुणा दारात आला तर काय म्हणतात गो बाय? मी म्हटलं, पाहुण्यांनी कळवून यावं. मग बराच वेळ खोकलाच. आणि ठेवला तिकडून. जिंकले मी! हवा तो शब्द हाती लागू दिला नाही. आयुष्यात पहिल्यांदा जिंकले, आणि बघायला कोणी नाही. म्हणून म्हणते, ती तार माझ्या अंगणातून नको. खांब काढा —

काय? तुम्ही होता?

रविवारी? तिच्याकडे? रविवारी कधीपासून कामाला जायला लागलात — बरं, ट्रकांचा फोन, बंद पडला, अडलं असेल त्यांचं. मग तुम्ही ऐकलंत सगळं. हसलाही असाल. किती जणी होत्या? … कोणी नव्हतं कसं? रुक्मिणी नव्हती? कमलाक्षी? … कसलं कुलूप?

डायलला? ते लहान पितळेचं, भोकात अडकवतात तसं? कोणी, शेवंतीबाईनं? किल्ली कमरेला? कधीपासून? देवळात मी बोलले तेव्हापासून? … बायका येत नाहीत मग तिच्याकडे. येऊन करणार काय! …  ऐकतेय मी. तुम्ही सांगा.

म्हणजे तार जोडून झाली, तुम्ही म्हणालात एक फोन लावून बघा. म्हातारीनं किल्ली फिरवली आणि तुमच्यासाठी चहा करायला आत गेली. तेवढ्यात. तेवढ्यात अश्विनीनं — सावंतवाडीला नाही लावला? आईला? इतक्या दिवसांनी कुलूप निघालं आणि हिनं लावला तो — आणि मागे हसत कोणी नव्हतं. तुम्ही नव्हता हसत? खसखस ऐकली हो मी ह्या कानानं … पोहे. आमच्याच फोनाची खरखर, रुक्मिणीचे पोहे ते.

आणि नंतर? फोन ठेवल्यावर? … नका सांगू. कळलं.

पाहुणा दारात आला तर काय म्हणतात. एवढासा, एका अक्षराचा शब्द. तुम्ही आल्याआल्या म्हटला की मी तुम्हाला, पायरीवर बघितल्याबरोबर, दोन-तीनदा म्हटला. खांबाच्या माणसाला म्हटला. तिला नाही दिला.

जयरामबाब, कुलूप डायललाच असतं ना? घंटीला नाही ना? इकडून लावला तर वाजतो ना तिकडे? मग झालं तर. पण उचलणार म्हातारी. माझा आवाज ती ओळखते, देवळात रोज आरतीला ऐकते. पदेराच्या बायकोचा काढला तर? नाकातून बोलते ती. म्हातारीच्या तोंडून एकच शब्द काढायचाय — सुनेचं नाव. नाव घेऊन हाक मारली की ती येईल फोनवर. ती असती तर चुटकीसरशी काढला असता हो, मेलीला आवाज दिलाय देवानं, मला नाही दिला. कबूल. अजून जळते मी, जळणारच. पण त्या दिवशी बोलले ते जळून बोलले, हे शेवंतीबाईला मलाच सांगायला लागणार, आज नाहीतर उद्या, देवळात, तोंडावर.

खांब? असू दे तिथंच. फांदी आम्ही तोडू. ती क्रोशाची झालर जरा बाजूला करा, डायल फिरत नाही नीट — नंबर नको सांगायला, पाठ आहे मला. आणि आता जावा तुम्ही. नाही, पुढचा चहा पुन्हा कधीतरी. उठा म्हटलं ना. माणूस बघत असला की मला जमत नाही, आणि आज हसू येईल असंही नाही. जावा. दार लोटू नका, उघडंच राहू द्या.