कागदाची भिंत

(दोन खोल्या. मध्ये लाकडी चौकटीचं, कागद लावलेलं सरकतं दार. अलीकडे नवरा-बायको, पलीकडे सासूबाई दुपारच्या पडल्या आहेत.)

बायको : हळू बोल.

नवरा : हळूच बोलतोय. याहून हळू बोललो तर मलाच ऐकू येणार नाही.

बायको : मग नीट ऐक. वारसा समितीच्या बाई आत्ता येतील. तू सही केलीस की हे घर वारसा ठरलं. मग साधा खिळा ठोकायलाही परवानगी लागणार. म्हणून आधी इथे विटांची भिंत, सही मागाहून.

नवरा : अगं, हे घर बांधताना आजोबांनी आर्किटेक्टला मुद्दाम जपान बघायला धाडलं होतं. हे दार, या चटयांची जमीन, बाहेर छपराखालचा तो लांबलचक ओटा. लोक फोटो काढायला येतात.

बायको : आणि फोटो काढून आपापल्या विटांच्या घरी जातात. भिंतीला कान असतात म्हणे. आपल्याकडे नुसते कानच आहेत, भिंत आहे कुठे? लग्न झाल्यापासून भांडायचं म्हटलं की गाडीत बसायचं आणि काचा वर करायच्या.

सासू : उकडत नाही का गं तुम्हाला?

नवरा : आई, तू झोपली होतीस ना?

सासू : झोपलेच आहे. चालू द्या तुमचं.

बायको : बघ. हे असं.

सासू : या घरात ऐकलं तरी ऐकलं नाही म्हणायचं, अशी रीत आहे. माझ्या सासूबाईंनी घालून दिलेली. आज माझ्या तोंडून निघून गेलं. तुम्ही गाडीत जाऊन बसलात की मी चहाचं आधण ठेवते. भांडून घसा कोरडा पडतो माणसाचा.

नवरा : म्हणजे तो चहा... मला योगायोग वाटायचा.

बायको : तुला सगळाच योगायोग वाटतो. आई, राग मानू नका, पण आज बोलतेच. माझे बाबा गेले तेव्हा मी उशीत तोंड खुपसून रडले. मोकळं रडायला एक भिंत नाही या घरात.

सासू : माहीत आहे मला.

बायको : ऐकलंत तुम्ही?

सासू : या दाराशीच बसले होते. तू शांत होईपर्यंत.

बायको : मग आत का नाही आलात? बोट लावलं की सरकतं हे.

सासू : न विचारता कसं सरकवायचं? लाकूड असतं तर टकटक केली असती. कागदावर टकटक कशी करतात? दोनदा हात पुढे केला, आणि फाटेल म्हणून मागे घेतला.

बायको : मला वाटलं, तुम्हाला त्याचं काहीच नाही. तेव्हापासून मी तुमच्याशी कामापुरतंच बोलते.

सासू : तेही येतं की ऐकू.

नवरा : बेल वाजली. आल्या वाटतं त्या बाई. काय सांगू मी?

सासू : भिंत घालतोय म्हणून सांग. माझी आडकाठी नाही. फक्त त्या भिंतीला एक लाकडी दार ठेवा, मला टकटक करता येईल असं.

बायको : तू जा रे, सही करून टाक. आणि आई, टकटक कशाला? नुसतं ‘येऊ का’ म्हणा. मला ऐकू येतं.