जमिनीला समांतर

मास्तर: लोकरीचा गोळा ठेव. कुठेही ठेव. बावीस वर्षं पोरांना रेषेचा चढ शिकवतोय मी. तुझ्या दुकानातली ही फळी जमिनीला समांतर नसेल ना, तर उद्यापासून खडू हातात धरणार नाही.

ताई: हा निळा ठेवते. मधोमध.

मास्तर: ठेव आणि हात काढून घे. बघ. कसा बसलाय...

ताई: निघाला.

मास्तर: तू ढकललास.

ताई: मी कशाला ढकलू? दोनदा रंग चढवलाय मी त्याला. तो बघा, गेला दारातून.

भाऊ: ताई, तुझा एक लोकरीचा गोळा रस्त्याने चाललाय. मागे मांजर लागलंय. मी गाडी लावत होतो, आधी वाटलं उंदीरच आहे.

ताई: धरलास का?

भाऊ: एक टोक धरलंय, हे बघ. बाकीचा समोर न्हाव्याकडे शिरला. खुर्चीतल्या माणसाच्या पायाला दोन वेढे बसलेत. कात्रीने कापू का, म्हणून न्हावी विचारतोय.

ताई: कापू दे. ज्याचं जे काम.

मास्तर: फळीत काही चूक नाही. अरे, ते टोक सोड आणि ही टेप धर. दाराकडे फळी जमिनीपासून किती वर आहे?

भाऊ: पाच फूट.

मास्तर: आणि आतल्या टोकाला?

भाऊ: तिथेही पाच.

मास्तर: संपलं मग. दोन रेषांमधलं अंतर सगळीकडे सारखं, म्हणजे समांतर. जमिनीचा चढ एक छेद वीस, फळीचाही एक छेद वीस. वहीत मांडून मगच भोकं पाडलीत मी.

ताई: एक छेद वीस म्हणजे काय, ते माझ्या भाषेत सांगा.

मास्तर: म्हणजे दारातून वीस फूट आत आलं की जमीन फूटभर वर चढते. छतापासून मापलं होतं. दाराशी अकरा फूट, मागच्या भिंतीशी दहा.

भाऊ: थांबा, दाजी. म्हणजे जमीन तिरकी आहे हे तुम्हाला माहीत होतं?

मास्तर: माहीत होतं काय, मी काढलं होतं.

ताई: आणि तरी फळ्या तिरक्या लावल्यात.

मास्तर: तिरक्या नाहीत गं, समांतर. तूच म्हणालीस, अहो, फळ्या जमिनीला समांतर लावा. इथे बसून म्हणालीस. मग जमीन ही झाली दिलेली रेषा. दिलेल्या रेषेवर कुणी शंका घेत नाही. पोरांनी घेतली तर मी बाकावर उभं करतो.

भाऊ: मासळीचा गाळा होता हा. पाणी मारलं की सगळं दाराबाहेर वाहून जावं म्हणून मासळीवाल्याने मुद्दाम उतार काढून घेतलाय. ते मांजर काय उगाच बसतं उंबऱ्याशी? त्याला अजून आशा आहे.

मास्तर: हे गणितात दिलेलं नव्हतं.

भाऊ: आणि मांडणीचे हे उभे खांब? हे का झुकलेत?

मास्तर: झुकलेले नाहीत. फळीला लंब आहेत. दोन लंब रेषांच्या चढांचा गुणाकार वजा एक यायला हवा. फळीचा चढ एक छेद वीस, म्हणून खांबाचा वजा वीस. कर गुणाकार.

भाऊ: गुणाकार तुम्ही करा. मला बाहेरून असं दिसतंय, की रस्त्याने कोण चाललंय ते बघायला सगळी मांडणी दाराकडे वाकलीय.

ताई: पाठीमागचं स्टूल ओढ रे जरा. पाय गेले माझे.

भाऊ: याचे दोन पाय आखूड कसे काय?

ताई: पहिल्याच दिवशी मी ह्यांना म्हटलं, अहो, स्टूल दाराकडे कलतंय. हे म्हणाले, स्टूल खराब आहे. आणि मागचे दोन पाय कापले.

मास्तर: अचूक कापलेत. इथे डुगडुगतं का ते?

ताई: इथे नाही डुगडुगत. घरी नेलं तेव्हा तुमची आई पडली त्यावरून. आठवडाभर बोलत नव्हती.

मास्तर: तुझ्याशी.

ताई: हो, माझ्याशीच. स्टूल तुम्ही कापलं आणि अबोला माझ्याशी.

भाऊ: ताई, मोठ्या दुकानाच्या त्या बाई किती वाजता येणार आहेत?

ताई: जेवणं आटपून येते म्हणाल्या. सगळे रंग ओळीने लावलेले बघायचेत त्यांना. त्यांनी हो म्हटलं तर वर्षभराची लोकर माझ्याकडून जाणार. नाही म्हटलं तर सोमवारी परत कारखान्यात, पॅकिंगच्या टेबलावर. मुकादमाने सोमवारपर्यंतच जागा धरलीय माझी. कालच निरोप आला. म्हणे, तुझी खुर्ची पुसून ठेवलीय. प्रेमानेच म्हणाला असेल, पण मी निरोप आणणाऱ्याला चहासुद्धा विचारला नाही.

भाऊ: अगं, मग गोळे टोपलीत ठेव ना.

ताई: टोपलीतले गोळे वर्षभर आपल्या पलंगाखाली होतेच की. दुकान कशाला घेतलं मग?

मास्तर: तू सोमवारी कुठेही जाणार नाहीस. अरे, ड्रिल आण. पुन्हा लावू सगळं. या खेपेला फळीचा चढ शून्य धरतो. जमीन बघायचीच नाही. छतापासून मापं घ्यायची, दोन्हीकडे सारखी.

भाऊ: छत तरी सरळ आहे ना?

मास्तर: उगाच नवीन शंका काढू नकोस.

ताई: छत सरळ आहे. वरच्या माळ्यावर चढून, थाळीत पाणी घालून बघितलंय मी, या गाळ्याच्या मालकिणीच्या समोर.

मास्तर: कधी?

ताई: तुम्ही वहीत मांडत होतात तेव्हा.

भाऊ: बसली ही पहिली फळी. ताई, ठेव गोळा.

ताई: हा मोहरीच्या रंगाचा ठेवते. नाही हलला. अहो, खरंच नाही हलला.

मास्तर: चढ शून्य. मी म्हटलं नव्हतं?

भाऊ: आता खांब सांगा, दाजी. कुठे भोक पाडू?

मास्तर: सांगतो. लंब रेषा. गुणाकार वजा एक यायला हवा. शून्य गुणिले काहीतरी बरोबर... थांब जरा.

भाऊ: थांबलोय.

मास्तर: वजा एक भागिले शून्य.

भाऊ: किती आलं?

मास्तर: येत नाही. शून्याने भागता येत नाही. उभ्या रेषेचा चढ काढताच येत नाही.

भाऊ: म्हणजे खांब लावायचा नाही?

मास्तर: लावायचा आहे. पण त्याला आकडा नाही.

ताई: वर्गात पोरांनी विचारलं तर काय सांगता?

मास्तर: परीक्षेत येत नाही, म्हणून सांगतो.

भाऊ: ड्रिल हातात धरून हात भरून आला माझा.

ताई: सरका दोघं. ही लोकर घ्या, टोकाला माझी कात्री बांधा, वरून सोडा. लटकली की ती रेघ. झाला खांब.

भाऊ: ताई, कात्री जमिनीला टेकली. लोकर ताणली गेलीय.

ताई: मग सुतळीला बांध. सगळं मीच सांगायचं का रे? मी तुमच्या दोघांची आई नाहीये.

मास्तर: सुतळी चालेल.

ताई: तुम्ही तिथे काय शोधताय?

मास्तर: काही नाही. जुनी भोकं दिसतायत भिंतीत. बुजवतो. तुला सांगू का, शाळेत मी सगळ्यांना सांगून ठेवलं होतं. बायकोच्या दुकानातल्या मांडण्या मी बसवल्या, सगळा हिशेब माझा. एवढी वर्षं फळ्यावर रेषा काढल्या, एक तरी फळी तुझ्या कामाची व्हावी असं वाटलं.

ताई: झाली ना. मोहरीचा गोळा अजून जागेवर आहे. बसा दोन मिनिटं. तोंड धुवा, नाकावर भिंत आलीय तुमच्या.

(दुपार उतरली आहे. भाऊ गाडी रिकामी करून परत येतो.)

भाऊ: ताई, कोपऱ्यावर मोठ्या दुकानाच्या बाई दिसल्या. पण न्हावी आणि त्याचं गिऱ्हाईक दोघं मिळून त्यांना दोन्हीकडून धरून गाडीत बसवत होते. काय झालं?

ताई: आधी चांगलं ऐक. आल्या, उभ्यानेच सगळं बघितलं. गोळे काढून उजेडात धरले, परत ठेवले. एकही हलला नाही. हा मोहरी फार छान उतरलाय म्हणाल्या. मांडणी कुणी लावली, तेही विचारलं. हे एवढे फुलले, की मला वाटलं आता खडू काढून भिंतीवर शिकवायला लागतात.

भाऊ: मग? हो म्हणाल्या?

ताई: हो म्हणाल्या. कागद काढला, पेन काढलं.

भाऊ: मग सही झाली?

ताई: अर्धी.

भाऊ: अर्धी कशी असते सही?

ताई: उभ्याने कशी करणार, म्हणून ह्यांनी पुढे होऊन त्यांना बसायला स्टूल दिलं. उलटं ठेवलं. आखूड पाय दाराकडे.

भाऊ: अरे देवा.

ताई: हे म्हणाले, सुलट ठेवलं तर दोन चढ एकमेकांना मारतात, उलट ठेवलं तर बेरीज होते. बाई खाली पडलेल्या असताना म्हणाले.

भाऊ: आणि सही?

ताई: अर्धं नाव, आणि पुढे कागदाच्या कडेपर्यंत एक रेघ. कंबर सरळ झाली की उरलेलं नाव लिहीन म्हणाल्या. रागावल्या नाहीत, एवढं खरं. पंधरा दिवस तरी लागतील.

भाऊ: आणि मुकादम?

ताई: सोमवारी सकाळी गाडी रिकामी असेल ना तुझी? कारखान्यापर्यंत सोड मला. पंधरा दिवसच जाते. इतकी वर्षं गेले, त्यात काय.

भाऊ: सोडतो. दाजी कुठायत?

ताई: मागे. स्टूल घेऊन गेलेत. उरलेले दोन पाय कापून एकदाचं सरळ करतो म्हणाले. करू देत, करवत मी मघाशीच लपवून ठेवलीय.

मास्तर: सापडली.