उलट्या वाऱ्याचे आठ दिवस

नागपूरच्या एसटी स्टँडवर नरखेडच्या गाडीची रांग हलायचं नाव घेईना. अंजनाबाईंच्या पुढं एक म्हातारं जोडपं होतं, आणि अंजनाबाईंचे कान काही त्यांच्या ताब्यातले नव्हते.

"आजबी नाही सापडलं आपलं पोट्टं."

"सापडन कसं? तुम्हीच 'जा' म्हणलं शालिकले."

"मी 'थांब' म्हणलं वं! तवा गावात उलटा वारा सुटला होता. आठ दिवस साऱ्या शब्दाईचे अर्थच फिरले होते. 'वाढ' म्हणलं का तू ताट उचले, 'उचल' म्हणलं का भाकर वाढे."

"आठवते."

"पोट्टं रुसून पेटी घेऊन निघालं. थांबावं म्हणूनच मी 'जा' म्हणलं. वारा पडला हे मले काय माहीत?"

"वारा रातीच पडला होता. सकाळी तुम्ही 'वाढ' म्हणलं, मी भाकर वाढली, तुम्ही खाल्ली. मंग त्याले 'जा' म्हणलं."

रांग दोन पावलं सरकली. म्हातारा जागचा हलला नाही.

"बारा वर्षं काहून नाही बोलली?"

"दोष वाऱ्यावरच राहू देल्ला. मीबी दारातच उभी होती. मी तरी कुठं त्याले 'थांब' म्हणलं?"